चार हजार खुर्च्यांचे गाव

अमेरिकेतील नॅशनल बास्केटबॉल असोसिएशन, म्हणजे आज ‘एनबीए’ या आद्याक्षरांनी जगभर ओळखली जाणारी व्यावसायिक साखळी, ऑगस्ट १९४९ मध्ये दोन प्रतिस्पर्धी संघटनांच्या विलीनीकरणातून या नावाने उभी राहिली, तेव्हा तिच्या पहिल्या हंगामात १७ संघ होते आणि न्यूयॉर्क, बॉस्टन, शिकागो, फिलाडेल्फिया या महानगरांच्या पंक्तीला शेबॉयगन नावाचे सुमारे ४२ हजार वस्तीचे एक गावही बसले होते. हंगाम संपताच ते पंक्तीतून उठले आणि पुन्हा कधी परतले नाही. मोठ्या शहरांनी लहान गावाला बाहेर काढले, अशी या घटनेची सोपी उपपत्ती नेहमी दिली जाते. ती खोटी नाही, पण अपुरी आहे, कारण त्याआधीच्या दशकात शेबॉयगनचा संघ देशातील उत्तम व्यावसायिक संघांपैकी एक होता आणि गावकऱ्यांचे त्याच्यावरचे प्रेम अखेरपर्यंत आटले नव्हते. बदलले ते मोजमाप: संघाची प्रतिष्ठा त्याच्या खेळावरून ठरण्याचा काळ मागे पडला आणि ती त्याच्या सभागृहात किती माणसे बसतात यावरून ठरू लागली.

शेबॉयगन हे विस्कॉन्सिन राज्यात, मिशिगन सरोवराच्या पश्चिम काठावर, मिलवॉकी शहराच्या उत्तरेस सुमारे ८५ किलोमीटरवर वसलेले आहे. एकोणिसाव्या शतकात येथे मोठ्या संख्येने आलेल्या जर्मन स्थलांतरितांनी गावाला चर्चे, दूधदुभत्याचा धंदा आणि आजही गावाची ओळख असलेले ब्राटवुर्स्ट हे सॉसेज दिले. लाकूडकामाचे कारखाने इतके होते की ‘खुर्च्यांचे शहर’ ही त्याची देशभर ख्याती होती, आणि शेजारच्या कोलर गावात स्नानगृहाची भांडी व नळसाहित्य बनवणारा त्याच नावाचा प्रचंड कारखाना होता. खुर्च्यांसाठी नाव मिळवलेल्या गावाचा संघ पुढे खुर्च्यांच्याच तुटवड्याने संपावा, हा योगायोग इतिहासकाराने फार ताणू नये हे खरे; तथापि तो नजरेआड करणेही अवघड आहे. विस्कॉन्सिनचा हिवाळा लांब आणि कडक असतो, सरोवरावरून येणारा वारा अंग गोठवतो, आणि अशा गावात कारखान्याची पाळी संपल्यावर चार भिंतींच्या आत, उजेडात पाहता येईल असा खेळ लोकांना हवा होता.

बास्केटबॉल हा मुळात याच गरजेतून जन्मलेला खेळ. डिसेंबर १८९१ मध्ये मॅसॅच्युसेट्समधील स्प्रिंगफील्ड येथे, यंग मेन्स ख्रिश्चन असोसिएशनच्या प्रशिक्षण संस्थेत, जेम्स नेस्मिथ यांनी हिवाळ्यात व्यायामशाळेत खेळता यावा म्हणून तो रचला. पुढच्या चार दशकांत तो शाळा-महाविद्यालयांत रुजला, पण पैसे घेऊन खेळणाऱ्यांचा बास्केटबॉल मात्र बराच काळ भटक्या संघांच्या आणि स्थानिक दुकानदारांच्या आश्रयाने जगत राहिला. शेबॉयगनमध्येही तसेच घडले. १९३० च्या दशकात गावचा संघ कधी एका कपड्यांच्या व्यापाऱ्याच्या, कधी दुसऱ्या एखाद्या पेढीच्या नावाने खेळे. आश्रयदाता बदलला की छातीवरचे नाव बदले, खेळाडू मात्र बहुतांशी तेच राहत.

या विस्कळीत व्यवहाराला पहिले टिकाऊ रूप दिले ते नॅशनल बास्केटबॉल लीगने. १९३७ मध्ये तिची स्थापना करण्यात जनरल इलेक्ट्रिक, फायरस्टोन आणि गुडइयर या तीन कंपन्यांचा पुढाकार होता, आणि पहिल्या संघांची नावेच तिची जातकुळी सांगतात: ॲक्रन फायरस्टोन नॉन-स्किड्स, ॲक्रन गुडइयर विंगफूट्स, फोर्ट वेन जनरल इलेक्ट्रिक्स. कंपनीने महाविद्यालयातून बाहेर पडलेल्या चांगल्या खेळाडूला नोकरी द्यायची, त्याने दिवसा कचेरीत किंवा कारखान्यात काम करायचे आणि संध्याकाळी कंपनीच्या नावाने खेळायचे, अशी ही रीत होती. भारतात रेल्वे, बँका, पोलीस दल आणि काही मोठे कारखाने खेळाडूंना नोकरीत घेऊन संघ बाळगत आले, आणि कबड्डी-खोखोच्या महाराष्ट्रातील कितीतरी खेळाडूंचे संसार त्यावर उभे राहिले. मराठी वाचकाला त्यामुळे ही व्यवस्था वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. शेबॉयगनचा संघ १९३८ मध्ये या लीगमध्ये दाखल झाला, मात्र कोणा एका कंपनीचा म्हणून नव्हे, तर गावचा म्हणून. त्याने घेतलेले ‘रेड स्किन्स’ हे नाव अमेरिकेच्या मूळ रहिवाशांना हिणवणारे होते. त्या काळी त्यात फारशा कोणाला काही वावगे वाटले नाही. वॉशिंग्टनच्या फुटबॉल संघाने तेच नाव सोडायला २०२० साल उजाडावे लागले, यावरून ती सवय किती चिवट होती हे कळते.

पश्चिमेकडे सुमारे ७५ किलोमीटरवरच्या ओशकॉश गावात बियाण्यांचा विक्रेता असलेल्या लॉन डार्लिंग यांनी १९२९ पासून ‘ऑल-स्टार्स’ हा संघ चालवला होता, आणि या दोन गावांतील वैर हा पुढच्या दहा वर्षांत विस्कॉन्सिनच्या हिवाळ्याचा मुख्य विषय झाला. ओशकॉशकडे लिरॉय ‘काउबॉय’ एडवर्ड्स होता, जो १९३८ ते १९४० असे सलग तीन हंगाम लीगमध्ये सर्वाधिक गुण मिळवणारा खेळाडू ठरला. शेबॉयगनकडे एड डँकर हा सहा फूट सात इंच उंचीचा, टोपलीखाली खेळणारा ‘सेंटर’ होता. १९३९ मध्ये शिकागोतील एका वृत्तपत्राने पहिली जागतिक व्यावसायिक स्पर्धा भरवली, तेव्हा दोन्ही गावे उपान्त्य फेरीपर्यंत पोहोचली. विजेतेपद मात्र न्यूयॉर्क रेनेसान्स या कृष्णवर्णीय खेळाडूंच्या संघाने ओशकॉशला हरवून मिळवले आणि तिसरा क्रमांक हार्लेम ग्लोबट्रॉटर्स या दुसऱ्या कृष्णवर्णीय संघाने शेबॉयगनला हरवून पटकावला. ज्या संघांना लीगमध्ये त्या वेळी जागा नव्हती, त्यांनीच लीगच्या दोन मातब्बरांना मैदानावर मागे टाकले होते, ही गोष्ट लहान गावांच्या सुवर्णकाळाचे गोडवे गाताना सहसा सांगितली जात नाही.

शेबॉयगनचे सुरुवातीचे सामने ईगल ऑडिटोरियम या छोट्या सभागृहात होत. १९४१ मध्ये संघ लीगच्या अंतिम फेरीत पोहोचला, ओशकॉशकडून तिन्ही सामने हरला, आणि याच सुमारास गावाने सरोवराच्या काठावर नवे नगर-सभागृह बांधायला घेतले. मंदीच्या काळात बेकारांना काम देण्यासाठी केंद्र सरकारने जी ‘वर्क्स प्रोग्रेस ॲडमिनिस्ट्रेशन’ ही योजना चालवली, तिच्या साहाय्याने उभी राहिलेली ही इमारत नगरसभागृहही होती आणि ‘आर्मरी’ही; आर्मरी म्हणजे राज्याच्या राखीव सैनिकदलाच्या कवायतीची आणि शस्त्रसाठ्याची जागा. १९४२ मध्ये ती खुली झाली. प्रेक्षकांची सोय ३,९७४, म्हणजे गावातल्या दर दहा-अकरा माणसांमागे एक जागा. त्या लीगच्या मापाने हे उत्तम सभागृह होते. पहिल्याच हंगामात संघ विजेता ठरला.

तो १९४२-४३ चा हंगाम जरा जवळून पाहण्यासारखा आहे. महायुद्धामुळे खेळाडू सैन्यात जात होते, प्रवासावर बंधने आली होती आणि लीगमध्ये केवळ पाच संघ उरले होते, त्यातील टोलेडोचा संघ तर चार सामन्यांनंतरच विसर्जित झाला. खेळाडूंचा दुष्काळ पडल्यावर मात्र जे तत्त्वाने घडले नव्हते ते निकडीने घडले: टोलेडो आणि शिकागो स्टुडबेकर या दोन संघांनी कृष्णवर्णीय खेळाडूंना करारबद्ध केले. बेसबॉलच्या मुख्य लीगमध्ये जॅकी रॉबिन्सन हा कृष्णवर्णीय खेळाडू येण्याला अजून चार वर्षे अवकाश होता. सैन्याने भरतीसाठी उंचीची कमाल मर्यादा सहा फूट सहा इंच ठेवली होती, त्यामुळे डँकरसारखे उंच खेळाडू मागे राहिले, आणि टोपलीखालच्या उंच माणसाला मुळातच असलेले महत्त्व युद्धकाळात आणखी वाढले. शेबॉयगनची साखळीतील कामगिरी १२ विजय आणि ११ पराभव इतकीच होती, तर फोर्ट वेनच्या झोल्नर पिस्टन्सने १७ सामने जिंकून केवळ ६ गमावले होते. हा संघ फ्रेड झोल्नर या इंजिनाचे पिस्टन बनवणाऱ्या कारखानदाराचा होता आणि त्याच्यापाशी पैसा व नोकऱ्या दोन्ही होत्या.

तरीही तीन सामन्यांच्या अंतिम फेरीत शेबॉयगनने फोर्ट वेनला गाठले. हंगाम संपत आला असताना संघाने बडी जेनेट या चपळ ‘गार्ड’ला, म्हणजे टोपलीपासून दूर राहून चेंडू पुढे नेणाऱ्या आणि डाव रचणाऱ्या खेळाडूला, घेतले होते, आणि त्याच्या येण्याने खेळाची घडी बसली. निर्णायक तिसरा सामना फोर्ट वेन येथे झाला. तेव्हा चेंडू हातात आल्यावर ठरावीक सेकंदांत टोपलीकडे फेकलाच पाहिजे असा नियम नव्हता (२४ सेकंदांचा तो नियम १९५४ मध्ये आला), त्यामुळे आघाडीवर असलेला संघ चेंडू आपसात खेळवत मिनिटेच्या मिनिटे घालवू शकत असे आणि संपूर्ण सामन्यात एकेका संघाच्या खात्यावर तिसेक गुण जमणे मुळीच अस्वाभाविक नव्हते. अखेरचे काही सेकंद उरले असताना शेबॉयगन एका गुणाने मागे होते. डँकरने टोपलीमागच्या शेवटच्या रेषेलगत, जिथून फळ्याची कड आडवी येते आणि नेम धरणे सर्वांत कठीण असते अशा कोपऱ्यातून चेंडू फेकला आणि तो आत गेला. ३०-२९. युद्धाने खिळखिळ्या केलेल्या लीगचे हे विजेतेपद होते हे मान्य करूनही, त्या फेकीचे मोल त्याने कमी होत नाही.

त्यानंतरच्या तिन्ही वर्षी संघ अंतिम फेरीत पोहोचला आणि तिन्ही वर्षी हरला. १९४४ मध्ये फोर्ट वेनने त्याला सरळ हरवले. १९४५ मध्ये, जुन्या ओरिजिनल सेल्टिक्स संघाचे ख्यातनाम खेळाडू डच डेहनर्ट प्रशिक्षक असताना, पाचांपैकी पहिले दोन सामने जिंकूनही उरलेले तीन त्याच फोर्ट वेनने खेचून नेले. सहा वर्षांत पाच अंतिम फेऱ्या गाठणारा हा संघ असा सहसा दुसरा येणारा होता. बडी जेनेट तर १९४३ च्या विजयानंतर लगेच फोर्ट वेनकडे गेला होता. गावाने शोधावे, घडवावे, आणि कारखानदाराने न्यावे, ही ओढ तेव्हाही होतीच. फक्त ती अजून एकाच लीगच्या आत चालली होती आणि तिला आवर घालता येत होता.

१९४६ ने हा आवर ढिला केला. युद्ध संपले होते, खेळाडू परत आले होते, हातात पैसा असलेला प्रेक्षक करमणूक शोधत होता. त्या वर्षी रॉचेस्टर रॉयल्स हा नवा, भरपूर खर्च करणारा संघ लीगमध्ये आल्याच्या पहिल्याच हंगामात शेबॉयगनला तीन सामन्यांत हरवून विजेता झाला. त्याच वर्षी जॉर्ज मायकन या सहा फूट दहा इंच उंचीच्या महाविद्यालयीन खेळाडूशी शिकागो अमेरिकन गिअर्सने पाच वर्षांसाठी ६० हजार डॉलरांचा करार केला. दिवसा नोकरी आणि संध्याकाळी खेळ या जुन्या हिशेबात असा आकडा बसणेच शक्य नव्हते. आणि त्याच वर्षी, ६ जून रोजी, न्यूयॉर्कमध्ये बास्केटबॉल असोसिएशन ऑफ अमेरिका या नव्या संघटनेचा जन्म झाला.

या संघटनेचे संस्थापक बास्केटबॉलचे जाणकार नव्हते, आणि हेच तिचे बळ होते. त्यांच्यापैकी बहुतेक आइस हॉकीची मोठमोठी सभागृहे चालवणारे होते, जसे बॉस्टन गार्डनचे वॉल्टर ब्राउन किंवा क्लीव्हलँड अरीनाचे ॲल सटफिन. न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये महाविद्यालयीन सामने भरवून नाव कमावलेले नेड आयरिश त्यांच्या जोडीला होते, आणि अध्यक्ष झालेले मॉरिस पोडोलॉफ हेही हॉकी लीगच्या कारभारातून आलेले वकील. हॉकीचा सामना नसलेल्या रात्री सभागृह रिकामे राहते, तेव्हा काहीतरी भरवले पाहिजे, हा त्यांचा विचार होता. शेबॉयगन, ओशकॉश, फोर्ट वेन येथे आधी संघ झाला आणि मग त्याच्यासाठी जागा शोधली गेली. बॉस्टन, न्यूयॉर्क, क्लीव्हलँड येथे आधी दहा-पंधरा हजारांची जागा होती आणि तिच्यासाठी संघ उभा केला गेला. सामन्यांचा दर्जा सुरुवातीला जुन्या लीगचाच सरस होता. पण यजमान संघाच्या तिकीटविक्रीवर यजमानाचाच हक्क असेल तर दर्जेदार संघाला लहान सभागृहात बांधून ठेवणे मालकाला परवडत नाही. १९४८ मध्ये मिनियापोलिस लेकर्स (मायकन आता त्यांच्याकडे होता), रॉचेस्टर, फोर्ट वेन आणि इंडियानापोलिस हे चार बळकट संघ जुनी लीग सोडून नव्या संघटनेत गेले. उरलेल्या लीगने वॉटरलू, डेन्व्हर अशी नवी गावे जोडून आणि डेटन येथे न्यूयॉर्क रेनेसान्सच्या खेळाडूंनाच एक अख्खा संघ म्हणून प्रवेश देऊन आणखी एक हंगाम ढकलला, तोवर दोन्ही बाजूंना खेळाडूंच्या लिलावी पगारांचा बोजा असह्य झाला होता, आणि विलीनीकरणावर सह्या झाल्या.

विलीनीकरण बरोबरीचे नव्हते, हे वेळापत्रकाच्या रचनेतूनच उघड होते. १७ संघांचे तीन गट केले गेले, आणि शेबॉयगन, वॉटरलू, अँडरसन, डेन्व्हर, ट्राय-सिटीज आणि इंडियानापोलिस ऑलिम्पियन्स यांना पश्चिम गटात एकत्र ठेवून त्यांचे सामने बहुतांशी एकमेकांशीच लावले. न्यूयॉर्क किंवा मिनियापोलिससारखे गर्दी खेचणारे पाहुणे त्यांच्या वाट्याला क्वचित आले. घरोब्याचे नाते जोडायचे पण पंगत वेगळी मांडायची, असा हा प्रकार होता. शेबॉयगनचे ६२ सामने झाले. त्यांपैकी २२ जिंकले, ४० हरले. पण या एकूण आकड्यापेक्षा त्याची फोड बोलकी आहे. घरच्या सभागृहात १७ विजय आणि १४ पराभव, तर परगावी ५ विजय आणि २६ पराभव. त्या चार हजारांच्या गर्दीत, प्रेक्षक रेषेला खेटून बसलेले असताना, हा संघ कोणालाही भारी पडू शकत होता. जानेवारी १९५० मध्ये त्याने मायकनच्या लेकर्सना, म्हणजे त्या वर्षीच्या भावी विजेत्यांना, आपल्या अंगणात हरवले. शेबॉयगनच्या बॉब ब्रॅनमने मायकनला टोपलीखाली खांद्याला खांदा भिडवून रोखले होते. मार्चमध्ये दुबळ्या डेन्व्हरविरुद्ध संघाने १४१ गुण केले, जो तेव्हाचा एका सामन्यातील विक्रम होता. बाद फेरीत इंडियानापोलिसला त्याने तिसऱ्या सामन्यापर्यंत झुंजवले आणि तो हरून हंगाम संपला.

इतके होऊनही आकडेमोड पाठ सोडत नव्हती. घरचे ३१ सामने, प्रत्येक वेळी सभागृह काठोकाठ भरले आणि तिकिटामागे सरासरी एक डॉलर हाती आला असे धरले, तरी वर्षाचे उत्पन्न सव्वा लाख डॉलरांच्या पलीकडे जात नाही, आणि १९४६ मध्ये नव्या संघटनेने एका संघाच्या पगारांवर घातलेली मर्यादाच ५५ हजार डॉलर होती. उरलेल्या पैशांत डेन्व्हरपासून न्यूयॉर्कपर्यंतचा प्रवास, हॉटेले, सभागृहाचे भाडे, प्रशिक्षक, संघटनेची वर्गणी. आणि सभागृह प्रत्येक वेळी काठोकाठ भरत नसते. न्यूयॉर्कमध्ये अडचण उलट्या बाजूची होती. मॅडिसन स्क्वेअर गार्डनच्या दर्शनी फलकावर ‘आज रात्री: न्यूयॉर्क विरुद्ध शेबॉयगन’ असे झळकवणे आयरिश यांना कमीपणाचे वाटे, ही गोष्ट त्या काळाच्या इतिहासांत वारंवार येते. तिच्यात तिखटमीठ असेल, पण मुद्दा खोटा नाही: अपरिचित गावाचे नाव तिकीट खपवत नाही, आणि संघटना आता तिकिटांच्या भाषेत विचार करत होती. १९५० च्या उन्हाळ्यापर्यंत शेबॉयगन, वॉटरलू, अँडरसन आणि डेन्व्हर बाहेर पडले होते. ओशकॉशने तर १९४९ मध्येच माघार घेतली होती.

बाहेर पडलेल्या चौघांनी आणखी चार शहरे जोडून नॅशनल प्रोफेशनल बास्केटबॉल लीग नावाची नवी चूल मांडली आणि शेबॉयगनचे माजी प्रशिक्षक डॉक्सी मूर तिचे आयुक्त झाले. संघ हंगामाच्या मध्यातच गळू लागले, मार्च १९५१ मध्ये अंतिम फेरी न घेताच लीग गुंडाळली गेली, आणि २९ विजय, १६ पराभव अशी सर्वोत्तम सरासरी असलेल्या शेबॉयगनने व त्याच्यापेक्षा अधिक सामने जिंकलेल्या वॉटरलूने, दोघांनीही विजेतेपदावर दावा सांगितला. तो वाद मिटवायला कोणी उरलेच नव्हते. थोड्याच काळात शेबॉयगनचा व्यावसायिक संघही विसर्जित झाला.

या पराभवाला स्थानिक कारणे शोधण्याचा मोह टाळला पाहिजे, कारण विलीनीकरणातून वाचलेल्या मध्यम शहरांचीही गत निराळी झाली नाही. ट्राय-सिटीजचा संघ १९५१ मध्ये मिलवॉकीला गेला, तेथून सेंट लुईसला आणि अखेर अटलांटाला; फोर्ट वेनचे पिस्टन्स आणि रॉचेस्टरचे रॉयल्स १९५७ मध्ये अनुक्रमे डेट्रॉइट आणि सिनसिनाटीला गेले, लेकर्स १९६० मध्ये लॉस एंजेलिसला, आणि सिराक्यूज १९६३ मध्ये फिलाडेल्फियाला. नव्या साखळीने जुन्या लीगचे संघ टिकवले, त्यांची गावे टिकवली नाहीत. याला अपवाद म्हणून शेबॉयगनच्या उत्तरेस शंभरेक किलोमीटरवरच्या ग्रीन बेचा दाखला दिला जातो, जिथला पॅकर्स हा फुटबॉल संघ आजही लाखो भागधारकांच्या मालकीचा आहे. तुलना उद्बोधक आहे, पण सरळ नाही. अमेरिकन फुटबॉलचा सामना आठवड्यातून एक, त्या काळी घरचे सामने वर्षाला मोजून सहा-सात, तेही उघड्या मैदानावर. त्यासाठी अख्खे राज्य गाड्या काढून येऊ शकते, आणि पॅकर्स १९३३ पासून काही घरचे सामने मिलवॉकीत खेळून तिथलाही प्रेक्षक गोळा करत होते. हिवाळ्यातल्या मंगळवारी रात्री तिसावा सामना पाहायला मात्र गावच येते, दुसरे कोणी नाही. शिवाय १९६० च्या दशकाच्या आरंभी फुटबॉल लीगने दूरचित्रवाणीच्या हक्कांचे पैसे सर्व संघांत समसमान वाटायला सुरुवात केली आणि त्यामुळे ग्रीन बेचे लहानपण जवळपास निरर्थक ठरले. बास्केटबॉलच्या लहान गावांना तो दिवस पाहायला मिळण्याआधीच ती बाद झाली होती.

एनबीए आपला इतिहास १९४६ पासून, म्हणजे बास्केटबॉल असोसिएशन ऑफ अमेरिकाच्या स्थापनेपासून मोजते. जुन्या लीगचे सामने, गुण आणि विजेतेपदे तिच्या अधिकृत नोंदीत धरली जात नाहीत, इतके की लेकर्सनी १९४८ मध्ये त्या लीगचे जिंकलेले विजेतेपदही त्यांच्या एनबीए विजेतेपदांत मोजले जात नाही. त्यामुळे शेबॉयगनच्या नावावर तिथे फक्त एक हंगाम, ६२ सामने आणि २२ विजय आहेत. ओशकॉशला २०१७ पासून पुन्हा एक व्यावसायिक संघ आहे, विस्कॉन्सिन हर्ड. तो एनबीएच्या दुय्यम, नवे खेळाडू घडवणाऱ्या लीगमध्ये खेळतो, त्याची मालकी मिलवॉकी बक्सकडे आहे, आणि त्याच्या सभागृहात साधारण साडेतीन हजार माणसे बसतात.